दुपारच्या गाडीचा पहारा

मी एका नियोजनाच्या कचेरीत काम करते. कोणत्या गावाला किती गाड्या सोडायच्या, स्टँड कुठं बांधायचं, रस्ता गावातून न्यायचा का गावाबाहेरून, असली कामं आमच्याकडं येतात. त्यासाठी लोकांना भर उन्हात थांबवून विचारावं लागतं: कुठून आलात, कुठं चाललात, कशाला चाललात. या तिसऱ्या प्रश्नाचे रकाने ठरलेले असतात. नोकरी, शिक्षण, दवाखाना, खरेदी आणि शेवटी 'इतर'. कचेरीत नवीन लागलेली पोरं म्हणतात, मॅडम, 'इतर' हा आळशी माणसाचा रकाना आहे, काढून टाकू. मग माझं टाळकं सरकतं. मी त्यांना खाली बसवते, चहा मागवते आणि आमच्या गावच्या दुपारच्या गाडीची गोष्ट सांगते. चहा त्यांच्या पैशाचा.

आमचं गाव भोकरदन तालुक्यात, हसनाबादच्या रस्त्यापासून आत. तेव्हा गावाला दिवसातून दोनच फेऱ्या होत्या. सकाळची गाडी खच्चून भरून भोकरदनला जायची. त्यातली माणसं संध्याकाळी जीपला लटकून, टेम्पोत बसून, कोणाच्या तरी मोटारसायकलवर तिघं-तिघं होऊन, कशीबी परत यायची. दुपारची गाडी भोकरदनहून गावाला यायची ती मात्र रिकामी. तिच्यात मी असायचे, कारण माझं कॉलेज दुपारी सुटायचं. आणि कधीमधी कोंबड्यांची पाटी घेतलेला एक माणूस असायचा.

माझे वडील, त्यांना आम्ही अण्णा म्हणतो, तसे शांत माणूस. पण एकदा बोलले की बोलले. मला कॉलेजात घातलं त्या दिवशी त्यांनी चार माणसांसमोर सांगून टाकलं होतं, "पोरगी गाडीनं जाईन, गाडीनं येईन. जीपला लटकायचं न्हाई, कोणाच्या मोटारसायकलवर बसायचं न्हाई. गाडी बंद तर कॉलेज बंद." त्यातच पिंपळगाव रेणुकाईच्या एका घरून माझ्यासाठी विचारणा चालू होती. पोरगा चांगला होता म्हणे. असेल. माझं त्याच्याशी काही वैर नव्हतं, पण मला बी.एस्सी. पुरी करायची होती.

मी दुसऱ्या वर्षाला असताना एका दुपारी कंडक्टर मशीनमधून माझं तिकीट काढता काढता म्हणाला, "ताई, ही फेरी बंद होऊन राह्यली. भारमान न्हाई."

भारमान म्हणजे गाडीतल्या किती सीटांवर माणसं बसली त्याचा हिशेब. मी मागं वळून बघितलं. सगळ्या गाडीत मी आणि कोंबड्यावाला.

"कोंबड्या धरता येत न्हाईत का?" मी विचारलं.

"न्हाई, कोंबड्या लगेजमधी जातात," तो म्हणाला. बिचारा खरंच वाईट वाटून बोलत होता. मी थांब्यापासून घरापर्यंत रडत गेले.

घरी ओट्यावर आत्या बसली होती. अण्णांची ही थोरली बहीण. नवरा गेल्यापासून आमच्याकडंच राहायची. दातांना सदानकदा मिश्री, आणि आवाज असा, की तिनं आमच्या बांधावरून हाक मारली तर शेजारच्या शिवारातली माणसं 'आलो, आलो' म्हणायची.

"काऊन रडून राह्यली? कोण मेलं?" तिनं विचारलं.

मी सांगितलं. गाडी बंद, म्हणजे कॉलेज बंद, म्हणजे पिंपळगाव रेणुकाई.

"एवढंच?" आत्या म्हणाली. "माणसं पायजेत ना गाडीत? मंग भरू की माणसं. आपल्या गावात माणसं काय कमी हायेत का? बसून बसून ओटे झिजवून राह्यले सगळे."

इथं एक सांगायला पाहिजे. पंच्याहत्तरीच्या वरच्या माणसांना लाल गाडीत तिकीट लागत नाही. म्हणजे लागतं, पण शून्य रुपयाचं निघतं. पैसे सरकार भरतं, मशीनला मात्र माणूस दिसतो आणि भारमानात धरला जातो. आणि आमच्या गावात पंच्याहत्तरीच्या वरची माणसं गरजेपेक्षा जास्त. आधार कार्ड काढायला माणसं आली होती तेव्हा ज्याला जन्मतारीख माहीत नाही त्याला वय अंदाजानं विचारलं, आणि आमच्या लोकांनी अंदाज सढळ हातानं सांगितला. निम्म्या गावाचा वाढदिवस एक जानेवारीला. आमच्या शेजारचे काका कागदावर स्वतःच्या थोरल्या भावापेक्षा मोठे आहेत आणि भांडण झालं की तसा मान पण मागतात.

त्या संध्याकाळी शाळेच्या ओट्यावर म्हातारी मंडळी जमली. आत्या मधोमध उभी राहिली आणि म्हणाली, "सप्त्यात आपण विणा खाली ठेवतो का?"

"न्हाई!" सगळे म्हणाले. आमच्याकडं सप्ता बसला की सात दिवस, रात्रंदिवस, विणा कोणाच्या तरी गळ्यात पाहिजेच. त्यासाठी पहारे ठरतात. एकाचा पहारा संपला की दुसरा येतो, पाया पडतो, विणा गळ्यात घेतो. यात चूक करायची गावात कोणाची छाती नाही.

"मंग गाडी रिकामी जाऊन राह्यली ती कशी चालते?" आत्या म्हणाली. "गाडीचाबी पहारा लावा."

आणि लागला हो पहारा! आळीआळीनं पाळ्या पडल्या. ज्या आळीची पाळी, तिथल्या म्हाताऱ्यांनी सकाळी माझ्यासोबत भोकरदनला जायचं आणि दुपारी माझ्यासोबत परत यायचं. विण्याच्या जागी एक छत्री ठरली. छत्री ज्याच्या हातात तो त्या दिवसाचा म्होरक्या. दुपारी गाडी गावात आली, की दुसऱ्या दिवशीची आळी थांब्यावर हजर. उतरणाऱ्याच्या पाया पडायचं, 'राम कृष्ण हरी' म्हणायचं, छत्री घ्यायची. तोवर ड्रायव्हर स्टिअरिंगवर डोकं टेकून बसलेला. एकदा तो वैतागून म्हणाला, "आटपा की जल्दी." तर त्याला पण दोघांनी पाया पडायला लावलं.

आमच्या घराजवळची एक म्हातारी पहिल्या दिवशी गाडीत चढताना चप्पल खालीच काढून आली. विण्याच्या पहाऱ्याला अनवाणी उभं राहतात, तिनं इथं पण तेच केलं. भोकरदनचा सगळा बाजार ती बाई अनवाणी हिंडली.

माझं म्हणाल तर सकाळच्या गाडीत मला कधी बसायला मिळालं नाही. "ऊठ पोरी, म्हाताऱ्या माणसाला जागा दे," असं मलाच सांगायची माणसं! वर माझ्यावर नजर. कॉलेजच्या फाटकाशी मी कोणाशी बोलले, पेरू कोणी दिला, तो मी खाल्ला का परत केला, सगळं माझ्या आधी घरी पोचायचं. मी आत्याला म्हणाले, "तुम्ही गाडी वाचवायला येता का मला राखायला?" ती म्हणाली, "दोन्ही कामं एकाच खर्च्यात होऊन राह्यली, तुझं काय जातंय?"

आणि ही माणसं चार-पाच तास भोकरदनला करायची काय? काही नाही. स्टँडवर बसायची. गाड्या बघायची. एक आजोबा दर पाळीला एका सरकारी कचेरीच्या व्हरांड्यात पंख्याखाली जाऊन बसायचे. तिथल्या लोकांना वाटलं, हा माणूस कोणत्या तरी मोठ्या तक्रारीसाठी आला आहे. ते घाबरून त्यांना चहा द्यायला लागले. आजोबा गावात येऊन सांगायचे, "लई मान हाय मला तिकडं."

भारमान वर गेलं. कंडक्टर खूश. मी खूश. आणि तेवढ्यात, जिल्ह्यातल्या गाड्यांचा नवा आराखडा करणारे एक साहेब दोन पोरं घेऊन दुपारच्या गाडीत चढले. रिकामी फेरी एकदम भरली कशी, हे त्यांना बघायचं होतं. पोरांनी हातातल्या टॅबवर प्रत्येकाला विचारायला सुरुवात केली. कुठून? कुठं? कशाला?

कशाला, याचा विचार आम्ही कोणी केलाच नव्हता. विणा धरणाऱ्याला कोणी विचारतं का, कशाला धरला?

पुढच्या सीटवरचे आजोबा गडबडले आणि म्हणाले, "डोळे दाखवायला गेल्तो." झालं! कीर्तनात एकानं उचललं की मागच्यांनी तेच म्हणायचं, ही आमच्या लोकांची जन्माची सवय. दुसरा म्हणाला डोळे. तिसरा म्हणाला डोळे. खिडकीशी एक आजोबा चष्म्याबिगर पेपर वाचत होते, त्यांनी पेपरातून मान पण न काढता सांगितलं, "डोळे. दिसतच न्हाई बिलकुल."

साहेब माणूस दयाळू निघाले. पंधराच दिवसांत गावात डोळे तपासायचं शिबिर आलं. मांडव पडला, डॉक्टर आले, गावभर चष्मे वाटले. ज्यांना लागत नव्हता त्यांनी पण भांडून घेतला. आणि मग साहेबांनी सरपंचांना हसत सांगितलं, "आता डोळ्यांची सोय गावातच झाली. म्हणजे दुपारच्या फेरीची तशी गरज राहिली नाही."

मी तो दिवस विसरणार नाही. गावात सगळे नवीन चष्मा लावून फिरत होते आणि मी घराच्या मागं जाऊन रडत होते.

आत्यानं पहारेकऱ्यांना झाप झाप झापलं. पुढच्या खेपेला दुसरं कारण ठरलं, बँक. साहेबांची पोरं परत आली, सगळ्यांनी छाती फुगवून 'बँक' सांगितलं. महिन्याच्या आत एक माणूस अंगठ्याचं मशीन घेऊन दर आठवड्याला गावात येऊन बसायला लागला. पैसे तिथंच मिळायला लागले. बँकेचं कारण गेलं. मग भाजीपाला ठरला. तर पंचायतीच्या मागं भाजीचा टेम्पो येऊन उभा राहायला लागला, आणि वांगी भोकरदनपेक्षा स्वस्त.

गाव सुधारत चाललं होतं आणि माझं कॉलेज बुडत चाललं होतं.

आता सरपंचांना यात गोडी वाटायला लागली. इतक्या वर्षांत अर्ज करून जे आलं नव्हतं ते गाडीत बसून येत होतं. ते एक दिवस थांब्यावर आले आणि छत्रीवाल्याला बाजूला घेऊन म्हणाले, "अवो, पुढच्या टायमाला नळाचं बघा की. म्हणा, आम्ही भोकरदनला आंघोळीला जातो. बराबर नळ येतो का न्हाई बघा."

"आणि गाडी?" मी विचारलं. मी तिथंच उभी होते.

"गाडीचं बघू मंग," सरपंच म्हणाले.

माझं डोकं असं फिरलं! मी म्हणाले, "तुमचा नळ येऊ द्या नाहीतर विमानतळ येऊ द्या. माझं दुसरं वर्ष चालू हाय. ही गाडी गेली की मी पिंपळगाव रेणुकाईला भाकरी थापून राह्यले, समजलं का?" मोठ्या माणसाशी असं बोलायचं नसतं. पण बोलले. सरपंच निघून गेले, पण म्हाताऱ्यांना नळाची कल्पना आवडली ती आवडलीच.

त्याच आठवड्यात कंडक्टरनं मला हळूच सांगितलं, "ताई, उद्या ते आराखड्यावाले साहेब स्वतः येऊन राह्यले. उद्या काय ते ठरतंय. त्यांना संशय आलाय." घरी सांगितलं तर अण्णा नुसते हं म्हणाले. पिंपळगाव रेणुकाईचे पाहुणे उत्तर मागत होते आणि अण्णा त्यांना उद्या-परवा करत होते, हे मला माहीत होतं. ते पण त्या गाडीवरच थांबले होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी पहारा आमच्या आळीचा. छत्री आत्याच्या हातात. साहेब भोकरदनच्या स्टँडवरच चढले, पहिल्या सीटवर बसले आणि हसनाबाद मागं पडल्यावर उठले. ह्या वेळी पोरांना बाजूला सारून त्यांनी स्वतःच विचारायला सुरुवात केली.

"बाबा, कशाला गेला होता?"

"आंघोळीला."

"आणि तुम्ही?"

"आंघोळीला."

"आजी, तुम्ही?"

"डोळे," म्हातारी म्हणाली, मग शेजारणीनं कोपर मारल्यावर, "न्हाई, न्हाई. आंघोळीला."

ही तीच, अनवाणी हिंडलेली. अंगावर गावातल्या मातीचा थर. साहेबांचा चेहरा लाल झाला. "तुम्ही सगळे मिळून मला वेड्यात काढता का?" ते ओरडले. "चाळीस माणसं रोज तालुक्याला आंघोळीला जातात? कोणालाच काम नसेल तर मी ही फेरी आजच्या आज बंद करायला सांगतो!"

साहेब तसेच तणतणत आत्यासमोर येऊन उभे राहिले. "बोला आजी. तुम्ही कशाला गेला होता? आणि खरं सांगा."

मी आत्याकडं बघितलं. तिनं छत्री मांडीवर आडवी ठेवली.

"कायच काम न्हाई," ती म्हणाली.

"मग?"

"हिंडायला गेल्ते."

"आजी, असा रकाना नाही आमच्याकडं."

"मंग आखा की. तुमचंच मशीन हाय." आणि मग तिचा तो शिवारभर जाणारा आवाज एकदम खाली आला. मी तिला तसं बोलताना कधी ऐकलं नव्हतं. "सायब, लगीन झालं तवापासून कामाबिगर उंबऱ्याच्या भाईर पाय टाकला न्हाई मी. दळण, पाणी, शेत, दवाखाना, न्हाईतर कोणाची मयत. कुठं बी निघाले की घरातून इचारणा. कुठं चालली, कशाला चालली, कवा येतीस. ह्या पोरीचं कॉलेज तुटून राह्यलं होतं म्हणून पहिल्यांदा गाडीत बसले. स्टँडवर जाऊन टेकले. समोरून गाड्या येऊन राह्यल्या, जाऊन राह्यल्या. मी बसले दोन-तीन तास. कोणीच इचारलं न्हाई, बाई, तू इथं काऊन बसली. सायब, इतक्या दिवसांत तुम्हीच पहिले इचारून राह्यले."

साहेबांनी पोराच्या हातातला टॅब मागून घेतला. इतके दिवस मी समजत होते, ही सगळी माणसं माझ्यासाठी त्रास काढून गाडीत चढतात. सकाळी जागा मिळाली नाही की मनातल्या मनात चिडायचे पण, आणि उपकार पण मानायचे.

मागून एक आजोबा खाकरले. "आता खरंच सांगायचं तर मीबी हिंडायलाच जातो सायब. घरी सून टीव्हीचा रिमोट देत न्हाई."

"मी भजे खायला," दुसरे म्हणाले. "डॉक्टरनं मना केलं हाय. घरी सांगू नका."

"मला खिडकी आवडते," अनवाणी हिंडलेली म्हातारी म्हणाली. तिला कोपर मारणाऱ्या शेजारणीनं लाजत लाजत सांगितलं, की ती स्टँडवर एका दुसऱ्या गावच्या बाईला भेटते, दोघी लहानपणी एकाच गल्लीत होत्या, लग्नानंतर भेट नव्हती. कचेरीत पंख्याखाली बसणारे आजोबा म्हणाले, "मला मान हाय तिकडं."

साहेब सीटच्या दांड्याला धरून हसायला लागले. हसता हसता त्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. सगळ्यांच्या नावापुढं त्यांनी एकेक करून 'इतर' टिचकवलं. शेवटी माझ्यापाशी आले.

"आणि तू?"

"कॉलेज," मी म्हणाले.

"चला, एक तरी रकाना कामाला आला," ते म्हणाले. गाव आलं तसे ते उतरले, थांब्यावर पुढच्या आळीची मंडळी पाया पडायला वाकली, त्यात साहेबांच्या पण दोघं-तिघं पाया पडले. ते दचकून मागं सरले आणि कंडक्टरला म्हणाले, "फेरी ठेवा. भारमान आहे, माणसं खरी आहेत. कारण काय द्यायचं ते मी बघतो." सरपंच पुढं येऊन नळाचं विचारणार होते, पण आत्यानं त्यांच्याकडं असं बघितलं की ते नुसते नमस्कार करून मागं गेले.

घरी आलो. माय चुलीपुढं होती, अण्णा ओट्यावर. आत्यानं सगळं रंगवून रंगवून सांगितलं, फक्त स्वतः काय बोलली ते सोडून. ते मी सांगितलं. उंबऱ्याचं, इचारणा करणाऱ्यांचं, सगळं. अण्णा ऐकत राहिले. ही त्यांची मोठी बहीण. ती कुठं निघाली की 'कुठं चालली?' म्हणून विचारणारे ते पण एक होते. मग खिशातून फोन काढून त्यांनी पिंपळगाव रेणुकाईला लावला. फोन स्पीकरवर, कारण अण्णांना दुसरं येत नाही.

"सध्या जमत न्हाई पाहुणे," अण्णा म्हणाले. "पोरगी शिकून राह्यली. गाडी चालू हाय, म्हणजे कॉलेजबी चालू हाय."

तिकडून नाराजीचा आवाज आला. मग पाहुण्यांनी विचारलं, "बरं, मंग आक्काला तरी फोन द्या, त्यांच्याशी बोलतो. हायेत का घरी?"

आक्का म्हणजे आत्याच. ती मान हलवून नाही म्हणाली. तिला मिश्री लावायची होती.

"आत्ता न्हाई," अण्णा म्हणाले. "आणि उद्या सकाळीबी भेटायची न्हाई. ती भोकरदनला जाते." उद्या पाळी दुसऱ्या आळीची होती.

"कशाला?"

अण्णांनी आत्याकडं बघितलं. आत्यानं अण्णांकडं बघितलं. "कशाला न्हाई," अण्णा म्हणाले. "अशीच. हिंडायला."